लेथवर कॅमेरा लावताना

आयटीआयच्या मुलांसाठी लेथची, म्हणजे धातू फिरवत कापणाऱ्या मशीनची, फिल्म करायची असेल, तर कॅमेरा कुठला नि लेन्स कुठली ते मागाहून बघा. आधी ऑपरेटरला विचारा, "मामा, किती आरपीएमवर चालवणार?" म्हणजे मिनिटाला किती फेऱ्या.

दिव्यांचं सोपं आहे. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १/५० सेकंद ठेवलं की पट्टे येत नाहीत. २४ चाच हट्ट असेल तर शटर अँगल १७२.८ अंश करा, म्हणजे शटर पुन्हा १/५० वरच येतं.

खरी भानगड चकची, म्हणजे जॉब (कापायचा तुकडा) पकडून फिरवणाऱ्या भागाची. १५०० आरपीएमला चक सेकंदाला बरोबर २५ फेऱ्या मारतो, म्हणजे दर फ्रेमला जॉ (चकचे पकडणारे जबडे) त्याच जागी. अशात शटर १/१००० केलंत, तर गरगर फिरणारा चक पडद्यावर चक्क थांबलेला दिसतो! तीन जॉचा चक ५०० लाही हाच खेळ करतो: दोन फ्रेमच्या मध्ये एक तृतीयांश फेरी होते आणि पहिल्या जॉच्या जागी दुसरा येऊन बसतो. जाहिरातीत हे देखणं वाटेल, पण शिकाऊ पोराला चालू चक बंद दाखवणं म्हणजे त्याचा हात घालवणं. १/५० चा धुरकट चकच ठेवा. क्लायंट "शार्प नाही" म्हणून कुरकुरला तरी. चक सावकाश उलटा फिरल्यासारखा वाटला, तर आरपीएमची पुढची पायरी लावून घ्या.

चिप, म्हणजे कापताना निघणारी धातूची कात्रण, तुटताना स्लो मोशनमध्ये हवी असेल तर सेकंदाला २५० फ्रेम पुरतात. मात्र तिथे १/५० शटर मिळतच नाही. जवळच्या ट्यूब बंद करून फ्लिकर-फ्री एलईडी लावा.

चकचकीत जॉबवर थेट लाइट मारू नका. पोलरायझरवरही भिस्त ठेवू नका. तो पाण्यावरची, काचेवरची चमक मारतो, उघड्या धातूची नाही. लाइटपुढे मोठा ट्रेसिंग पेपर ताणा, म्हणजे जॉबवर दिव्याऐवजी कागदाची पांढरी झाक पडेल. मग बाजूला काळ्या कार्डाची पट्टी धरा आणि मागेपुढे करत बघा, एका जागी गोलाई एकदम उठते.

कॅमेरा ऑपरेटरच्या खांद्यामागून लावा. हेडस्टॉक (चक बसवलेलं मशीनचं टोक) पडद्यावरही डावीकडेच हवा, नाहीतर मशिनपाशी उभं राहिल्यावर मुलाचा गोंधळ होतो. क्लोजअप १०० मिमी मॅक्रोने, जरा लांबून घ्या. पुढे साधा यूव्ही फिल्टर, कारण गरम चिपा उडतात. कापणारं टूल कॅरेजबरोबर (ते धरून सरकणाऱ्या भागाबरोबर) चककडे सरकतं, तेव्हा फ्रेममध्ये त्या बाजूला जागा सोडा.

कॅमेऱ्याचा गळ्यातला पट्टा, ओळखपत्राची दोरी, हातमोजे, सगळं काढून ठेवायचं. हे युनिटलाही लागू.

आणि चकची चावी. जॉ आवळून झाले की मशीन सुरू करण्याआधी ती काढायची असते. मुरलेला ऑपरेटर ती इतक्या झटकन काढतो की कॅमेऱ्यात दिसतच नाही. मशीन बंद असताना तो शॉट वेगळा, सावकाश घ्या. एडिटला लांबी कमी करताना हाच पहिला उडतो, म्हणून शॉट लिस्टमध्ये त्यापुढे लाल पेनाने 'काढू नये' लिहून द्या.