रंगीत ताटल्या घेताना: सेट नको, एकेक निवडा

सोलापूरला गड्ड्याच्या यात्रेत होम मैदानावर रंगीत क्रॉकरीचा ढीग दिसला की मी थांबतेच. सोबतच्या बायका सहाचा एकरंगी सेट बांधून घेतात. मी मात्र एक पिवळी, एक निळी, एक हिरवी अशी वेचून घेते.

ही रीत रुजवली ती अमेरिकेतल्या ‘फिएस्टा’ भांड्यांनी. वेस्ट व्हर्जिनियातल्या होमर लाफलिन कंपनीनं १९३६ साली ती काढली. डिझाइन फ्रेडरिक ऱ्हीड यांचं. फुलं नाहीत, वेलबुट्टी नाही. नुसता गडद रंग आणि काठाशी एकात एक गोल रेघा. मंदीच्या दिवसांत लोक जमेल तसा एकेक नग घेत. एखादी फुटली तरी दुसऱ्या रंगाची आणली की पंगत सजलेलीच! १९७३ मध्ये बंद पडलेली ही भांडी १९८६ मध्ये परत आली, ती आजही बनतात.

आता घेताना काय बघायचं? ताटली बोटांच्या टोकांवर तोला आणि काठावर टिचकी मारा. खणखणीत वाजली तर घ्या. बद्द आवाज आला तर आत कुठेतरी तडा असू शकतो, कितीही सुंदर असो, ठेवून द्या. मग उलटी करा. बुडाच्या बिनझिलईच्या, म्हणजे काचेसारखा चकचकीत थर नसलेल्या कडेवर पाण्याचा थेंब सोडा. थेंब लगेच जिरला तर माती सच्छिद्र आहे; अशी ताटली पाण्यात भिजत ठेवू नका, मायक्रोवेव्हमध्येही नको.

झिलई शिशाविरहित आहे का, हे विचाराच. खात्री नसेल तर त्यात लोणचं, दही, चिंचेची आमटी वाढू नका, कारण आंबट पदार्थ शिसं ओढून घेतात. जुन्या फिएस्टाच्या लाल रंगात तर युरेनियम असे! अशी जुनी भांडी शोकेसमध्येच शोभतात.

चमच्याच्या करड्या रेघा उठल्या तर घाबरू नका. तो बहुतेक वेळा झिलईवर घासला गेलेला धातू असतो, खायच्या सोड्याच्या लेपानं निघतो. ताटल्या रचताना मध्ये कागद घाला, नाहीतर वरच्या ताटलीचं खरबरीत बूड खालचीची झिलई खरवडतं.

आणि रंग? शेंगाचटणी पिवळ्यावर, दहीभात गर्द निळ्यावर. रंग हवे तेवढे मिसळा, पण आकार मात्र एकच ठेवा. लहानमोठ्या ताटल्यांची चळत डुगडुगते आणि काठाचे टवके उडतात.