अन्याय सोसलेल्या माणसाची मुलाखत चित्रित करताना

माहितीपट पूर्ण झाला की चित्रीकरणाची माणसं निघून जातात. बोलणाऱ्याला मात्र त्याच वस्तीत, त्याच कामावर राहायचं असतं. म्हणून पहिली भेट कॅमेऱ्याशिवाय घ्या. चित्रपट कुठे दाखवणार, इंटरनेटवर गेल्यावर तो परत घेता येत नाही, हे साध्या शब्दांत सांगा. लेखी संमतीबरोबर तोंडी संमतीही रेकॉर्ड करा, विशेषतः वाचता न येणाऱ्यांची. मुलाखत संपल्यावर पुन्हा विचारा: यातलं काही वगळू का? रागाच्या किंवा दुःखाच्या भरात बोललेलं नंतर नकोसं वाटू शकतं.

ओळख लपवायची असेल तर चित्रीकरणातच लपवा. चेहरा नंतर धूसर करू म्हटलं तरी मूळ फूटेजमध्ये तो राहतोच, आणि कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड भलत्याच्या हाती लागू शकतं. माणसाला खिडकीकडे पाठ करून बसवा, समोरचे दिवे बंद ठेवा आणि एक्स्पोजर, म्हणजे कॅमेऱ्यात किती उजेड घ्यायचा ते, बाहेरच्या उजेडावर बेता. नुसती काळी आकृती उरते. हातावरचं गोंदण, भिंतीवरचा फोटो, दारावरची पाटी यांवरूनही माणूस ओळखू येतो, तेव्हा फ्रेमचा कोपरा न कोपरा तपासा. आवाजाची पट्टी बदलणं पुरेसं नाही, ती पुन्हा मूळ पट्टीवर आणता येते. तेच शब्द दुसऱ्या कुणाच्या आवाजात घेणं अधिक सुरक्षित.

चित्र थोडं हललेलं चालतं, शब्द न कळलेला चालत नाही. कॉलर माइक हनुवटीखाली साधारण एक वीत अंतरावर लावा. ओढणी किंवा साखळी त्यावर घासू देऊ नका. रेकॉर्डरची सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा आणि नेहमीच्या बोलण्यात आवाजाची शिखरं (सर्वांत मोठे क्षण) मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा; शून्याच्या वर गेलं की आवाज फाटतो. माणूस चिडला की आवाज एकदम चढतो आणि फाटलेला आवाज संकलनात धड सुधारत नाही. पंखा, फ्रिज बंद करा. शेवटी सगळे गप्प बसून खोलीचा आवाज ३० सेकंद घ्या. कापाकापीतल्या रिकाम्या जागा त्यानेच भरतात.

‘भीती वाटली का?’ असं विचारलं तर उत्तर फक्त ‘हो’ येतं. ‘त्या दिवशी सकाळपासून काय काय झालं?’ असं विचारा. उत्तर संपलं की मनात पाचपर्यंत मोजा. पुष्कळदा मुख्य गोष्ट त्या शांततेनंतर येते. पण बोलणं असह्य होतंय असं दिसलं तर रेकॉर्डिंग थांबवा. तो प्रसंग पुन्हा सांगायला लावू नका.

त्याच दिवशी फूटेज दोन वेगळ्या, पासवर्डने कुलूपबंद केलेल्या ड्राइव्हवर उतरवा, क्लिप उघडून पाहा आणि मगच कार्ड फॉरमॅट करा. तिसरी प्रत दुसऱ्या ठिकाणी ठेवा. बोलणाऱ्याचं खरं नाव फाइलच्या नावात लिहू नका.