धरण बघायचं तर पाण्याकडे पाठ करा

तलाव भरला की अख्खं गाव पाण्यापाशी फोटो काढायला जातं. मी तीस वर्षं पाटबंधाऱ्याच्या नोकरीत मातीची धरणं हिंडलो, मी पाण्याकडे पाठ करतो आणि भिंतीच्या कोरड्या अंगाने पायथ्याला उतरतो. जुन्या धरणाचं दुखणं तिथं कळतं.

जाताना एक रिकामी, पारदर्शक बाटली न्या. थोडा पाझर असतोच, त्याला घाबरू नका. पाझर निघतो तिथं बाटली भरा, दगडावर ठेवा आणि पंधरा मिनिटं बसा. पाणी नितळ राहिलं तर ठीक. तळाशी गाळाचा थर बसला, तर भिंतीच्या पोटातली माती वाहून येतेय. आतली पोकळी वाढत राहते आणि वरून भिंत धडधाकट दिसते. पाझराखाली बादली धरून ती किती सेकंदांत भरते, तेही तारीख आणि तलावाच्या पातळीसह वहीत लिहा. पातळी तीच असून बादली लवकर भरू लागली, तर अर्ज द्या. अर्जासोबत बाटलीही न्या. माझे तीन अर्ज फायलीत गेले, पण साहेबांच्या टेबलावर बाटली ठेवली त्या दिवशी जीप निघाली.

भिंतीवर बाभळी वाढू देऊ नका; मुळं कुजली की पाण्याला वाट होते. घुशीची बिळं, माथ्यावर पावसाचं पाणी साचणारे खळगे, भेगा, सगळं टिपा.

सांडवा, म्हणजे तलावातलं जादा पाणी बाहेर जायची वाट, मात्र रोज बघा. जास्त पाणी अडावं म्हणून त्यावर वाळूची पोती रचणारे शहाणे गावोगाव असतात. पाणी माथ्यावरून गेलं तर मातीचं धरण टिकत नाही.

चिपळूण तालुक्यातलं तिवरे धरण 2 जुलै 2019 च्या रात्री फुटलं. गळतीची तक्रार गावकरी आधीपासून करत होते. नंतर खापर फुटलं खेकड्यांवर, त्यांनी भिंत पोखरली म्हणे.

गढूळ झरा दिसला तर चिखलाने बुजवू नका, पाणी दुसरीकडून फुटेल. त्यावर आधी जाड वाळू, मग खडी, मग दगड टाका, म्हणजे पाणी निघेल पण माती अडेल. हे थोड्या गळतीपुरतंच. धार वाढत असेल तर भिंतीपाशी थांबू नका. 1077 ला, म्हणजे जिल्ह्याच्या आपत्ती नियंत्रण कक्षाला फोन लावा, खालच्या वस्तीला उठवा. ओढ्याच्या काठाने पळू नका, आडवं चढाकडे जा. गुरांची दावी कापा, ती आपली वाट काढतील.