फायरवॉलमागच्या सर्व्हरसाठी नॅट: पत्ता बदलणे आणि वाट मोकळी करणे

कोल्हापूरजवळच्या शिरोली औद्योगिक वसाहतीतील एखादी मध्यम आकाराची फाउंड्री डोळ्यांसमोर ठेवून ही मांडणी करतो आहे. तिच्या ऑफिसात दोन सर्व्हर आहेत. एकावर ऑर्डर, पॅटर्न आणि डिस्पॅचच्या नोंदी ठेवणारे ईआरपी चालते आणि दुसरा मेलचा आहे. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि पुन्हा २०२१ च्या जुलैमध्ये पंचगंगेचे पाणी शिरोलीजवळ महामार्गावर आले, तेव्हा शहरातून वसाहतीत पोहोचणेच बंद झाले होते. त्यामुळे बाहेरून सर्व्हरपर्यंत जाण्याची सोय इथल्या कारखान्यांसाठी गरजेचीच आहे. ती सोय नॅटने, म्हणजे पॅकेटवरचा (डेटाच्या तुकड्यावरचा) पत्ता वाटेत बदलून, होते, पण नॅट म्हणजे संरक्षण नव्हे. पत्ता बदलणे हे एक काम आणि पॅकेटला आत सोडणे हे दुसरे. फायरवॉलवर, म्हणजे इंटरनेट आणि आतले जाळे यांच्यामधल्या पहारेकऱ्यावर, या दोन्हींचे नियम वेगवेगळे लिहावे लागतात, आणि बहुतेक घोटाळे ही दोन कामे एकच समजल्यामुळे होतात.

सुरुवात लाइनच्या तपासणीने करावी. राउटरच्या बाहेरच्या बाजूला १००.६४ ते १००.१२७ या आकड्यांनी सुरू होणारा पत्ता दिसत असेल, तर इंटरनेट देणाऱ्या कंपनीनेच तुम्हाला स्वतःच्या नॅटमागे ठेवले आहे आणि बाहेरून येणारे कनेक्शन तुमच्या फायरवॉलपर्यंत पोहोचणारच नाही. अशा लाइनवर कितीही नियम लिहिले तरी उपयोग नाही. आधी स्टॅटिक पब्लिक आयपी (बाहेरून थेट पोहोचता येईल असा कायमचा पत्ता) मागून घ्यावा. कंपनीने आठ पत्त्यांचा गट दिला असे धरू: २०३.०.११३.८ पासून २०३.०.११३.१५ पर्यंत. (२०३.०.११३ ने सुरू होणारे पत्ते लेखनातील उदाहरणांसाठीच राखलेले आहेत, ते जसेच्या तसे कोठेही भरू नयेत.) यांतील पहिला आणि शेवटचा पत्ता वापरता येत नाही, ९ हा कंपनीच्या गेटवेचा असतो, म्हणजे १० ते १४ असे पाच आपल्या हाती उरतात. १० फायरवॉलला, ११ ईआरपीला आणि १२ मेलला द्यावा.

आतील पत्ते १९९६ साली खासगी वापरासाठी ठरवून दिलेल्या तीन गटांतूनच घ्यावेत. ऑफिसातील संगणकांसाठी १९२.१६८.१० आणि सर्व्हरसाठी १९२.१६८.२० असे दोन वेगळे विभाग करावेत, आणि सर्व्हरचा विभाग फायरवॉलच्या स्वतंत्र पोर्टवर किंवा स्वतंत्र व्हीलॅनवर (त्याच तारांवरच्या आभासी वेगळ्या जाळ्यावर) ठेवावा. ईआरपी १९२.१६८.२०.११ वर आणि मेल १९२.१६८.२०.१२ वर ठेवला, म्हणजे बाहेरचा आणि आतला शेवटचा आकडा सारखा राहतो. ही बाब किरकोळ वाटेल, पण रात्री अकरा वाजता फोनवरून कोणाला दुरुस्ती सांगताना तिचा फार आधार होतो.

बाहेरच्या ११ आणि १२ या पत्त्यांना उत्तर कोण देणार, हे यानंतर ठरते. कंपनीचा गेटवे 'हा पत्ता कोणाचा' असे विचारतो, तेव्हा फायरवॉलने 'माझा' म्हणायला हवे. त्यासाठी दोन्ही पत्ते फायरवॉलच्या बाहेरच्या इंटरफेसवर जादा पत्ते म्हणून चढवावेत. हे राहिले, तर नियम अचूक असूनही एकही पॅकेट येत नाही.

आता प्रत्यक्ष नियम. लिनक्सवरील एनएफटेबल्स ही फायरवॉलची प्रणाली गृहीत धरतो, कारण साध्या संगणकावरही ते चालते आणि त्यात प्रत्येक टप्पा डोळ्यांना दिसतो. प्रथम कर्नलमध्ये (लिनक्सच्या गाभ्यात) आयपी फॉरवर्डिंग, म्हणजे एका इंटरफेसवरचे पॅकेट दुसऱ्यावर पाठवणे, चालू करावे. मग प्रीराउटिंग साखळीत (पॅकेट आल्याबरोबर लागणाऱ्या नियमांच्या यादीत) डीनॅटचा, म्हणजे गंतव्य पत्ता बदलणारा, नियम लिहावा: ज्याचे गंतव्य २०३.०.११३.११ आणि टीसीपी पोर्ट ४४३ (सुरक्षित वेबचा क्रमांक) आहे, त्याचे गंतव्य १९२.१६८.२०.११ करावे. परतीच्या उत्तरासाठी वेगळा नियम लागत नाही, कारण फायरवॉल प्रत्येक कनेक्शनची नोंद ठेवतो आणि उत्तर बाहेर पडताना पत्ता स्वतःच उलटा बदलतो.

त्यानंतर परवानगी. फॉरवर्ड साखळीचे (फायरवॉलमधून आरपार जाणाऱ्या पॅकेटच्या नियमांचे) मूळ धोरण ड्रॉप, म्हणजे टाकून देणे, ठेवावे, आधीच जुळलेल्या कनेक्शनची पॅकेट सोडावीत आणि ईआरपीसाठी एक नियम लिहावा. त्या नियमात गंतव्य म्हणून कोणता पत्ता लिहायचा, इथे जाणकारही अडखळतात. पॅकेट फॉरवर्ड साखळीत पोहोचते तेव्हा त्याचा पत्ता बदलून झालेला असतो, म्हणून तिथे १९२.१६८.२०.११ हाच आतला पत्ता लिहावा लागतो. बाहेरचा पत्ता लिहिला तर नियम कधीच जुळत नाही आणि पॅकेट मुकाट्याने टाकून दिले जाते. दुसऱ्या बनावटीच्या फायरवॉलवर हा क्रम निराळा असू शकतो, तेव्हा पत्ता आधी बदलतो की तपासणी आधी होते, हे त्याच्या माहितीपुस्तिकेत पाहूनच नियम लिहावा.

बाहेर जाणाऱ्या वाहतुकीसाठी पोस्टराउटिंग साखळी असते. ऑफिसातील संगणकांसाठी मास्करेडचा एक सरसकट नियम पुरतो; तो पाठवणाऱ्याच्या पत्त्याजागी फायरवॉलचा मुख्य पत्ता, म्हणजे १०, लावतो. मेल सर्व्हरला मात्र हा नियम लागू देऊ नये. मेल १२ वर येते आणि जाताना १० वरून जाते, असे झाले तर पत्त्यावरून नाव शोधणाऱ्या समोरच्या सर्व्हरला नाव जुळत नाही आणि आपली पत्रे स्पॅममध्ये पडतात किंवा परत येतात. म्हणून १९२.१६८.२०.१२ वरून निघणाऱ्या पॅकेटना २०३.०.११३.१२ हा पत्ता देणारा एसनॅटचा (पाठवणाऱ्याचा पत्ता बदलणारा) नियम मास्करेडच्या वर लिहावा, कारण जो नियम आधी जुळतो तोच लागू होतो. १२ या पत्त्याची उलटी डीएनएस नोंदही (पत्त्यावरून नाव सांगणारी) इंटरनेट कंपनीकडून करून घ्यावी. बाहेरून आत येणाऱ्या वाहतुकीवर एसनॅट लावू नये. तसे केल्यास सर्व्हरच्या लॉगमध्ये प्रत्येक पाहुणा फायरवॉलच्याच पत्त्याने नोंदला जातो. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार लॉग १८० दिवस जपायचे असतात, आणि त्यांत खरा पत्ता नसेल तर ते जपून कोणाचा माग लागणार?

ऑफिसातूनच ईआरपी उघडताना वेगळी अडचण येते. डीनॅटचा नियम फक्त बाहेरच्या इंटरफेसला बांधलेला असेल, तर ऑफिसातून ११ कडे निघालेले पॅकेट बदलत नाही आणि ईआरपीऐवजी फायरवॉलचेच लॉगिन पान समोर येते. म्हणून नियम इंटरफेसवर न लिहिता गंतव्य पत्त्यावर लिहावा. सर्व्हर आणि संगणक एकाच विभागात असतील, तर याच्याही पुढची गुंतागुंत होते: सर्व्हर शेजारच्या संगणकाला थेट उत्तर देतो, संगणक मात्र २०३.०.११३.११ च्या उत्तराची वाट पाहत असतो आणि अनोळखी पत्त्यावरून आलेले उत्तर नाकारतो. आपण दोन विभाग केले आहेत, त्यामुळे उत्तर फायरवॉलमधूनच जाते आणि हा प्रश्न उद्भवत नाही. स्वतंत्र विभागाचा आग्रह मी सुरक्षेइतकाच या कारणासाठीही धरतो.

तपासणी ऑफिसच्या वायफायवर करू नये. मोबाइल डेटावरून करावी. उघडत नसेल तर टीसीपीडम्पने (जाणारी-येणारी पॅकेट दाखवणाऱ्या साधनाने) आधी बाहेरचा आणि मग आतला इंटरफेस पाहावा. वसाहतीतल्या एका कारखान्यात माझा पूर्ण दिवस यातच गेला होता. बाहेर सिन पॅकेट (कनेक्शन सुरू करणारे पहिले पॅकेट) येत होते, आत १९२.१६८.२०.११ कडे जाताना दिसत होते, एक सेकंदाने पुन्हा, तीन सेकंदांनी पुन्हा, पण उत्तराची एकही ओळ नव्हती. नियम पुन्हा पुन्हा वाचून झाले. शेवटी सर्व्हरसमोर बसलो, तेव्हा त्याचा डिफॉल्ट गेटवे जुन्या ब्रॉडबँड राउटरचा निघाला. सर्व्हर उत्तर देत होता, पण ते दुसऱ्याच वाटेने निघून जात होते. तेव्हापासून मी सर्व्हरचा गेटवे आधी पाहतो आणि नियम नंतर.

नियम बदलल्यावरही जुनेच वर्तन दिसले, तर कनेक्शनच्या नोंदी पुसाव्यात. नॅटचा नियम कनेक्शनच्या पहिल्या पॅकेटलाच लागतो, म्हणून सतत चालू असलेल्या पिंगला नवा नियम दिसतच नाही.

उघडू नयेत अशी पोर्टेही आहेत: रिमोट डेस्कटॉपचे ३३८९, फाइल शेअरिंगचे ४४५, डेटाबेसची १४३३ आणि ३३०६, तसेच कॅमेऱ्यांचा डीव्हीआर. घरून काम करणाऱ्यांना यांची गरज असेल, तर फायरवॉलवर वायरगार्ड हे व्हीपीएन (सुरक्षित खासगी वाट) बसवावे आणि त्याचे एकच यूडीपी पोर्ट उघडावे. लाइनवर आयपीव्हीसिक्स (पत्त्यांची नवी पद्धत) येत असेल तर तिथे हे नॅट मध्ये येत नाही, म्हणून फॉरवर्डचे ड्रॉप धोरण त्यालाही लागू आहे का, ते पाहावे.

सगळे चालू लागल्यावर नियम कॉन्फिगरेशनच्या फाइलमध्ये उतरवावेत, कारण टर्मिनलवर दिलेले नियम वीज गेली की जातात. साप्ताहिक सुट्टीच्या दिवशी, कोणी कामावर नसताना, फायरवॉल मुद्दाम बंद करून चालू करावा आणि मोबाइलवरून ईआरपी पुन्हा एकदा उघडून पाहावे.