विसंगती पोटात घालणारे वास्तव: कालप्रवासाची कथा कशी बांधावी

कालप्रवासाची कथा लिहायला घेतली की पहिल्याच पानावर आजोबा आडवे येतात. नायिका भूतकाळात गेली, तिने आजी-आजोबांची सोयरीक जुळू दिली नाही. मग ती जन्मली कशी? आणि जन्मलीच नाही, तर सोयरीक मोडली कोणी? यातून सुटायला बरेच जण समांतर विश्व काढतात. १९५७ साली ह्यू एव्हरेट यांनी मांडलेली ती कल्पना भौतिकशास्त्रात मोलाची आहे. कथेत मात्र ती सगळे स्वस्त करून टाकते. इथली आजी गेली तरी पलीकडच्या विश्वात ती आहेच, मग वाचकाने जीव लावायचा कोणाला? मला एकच वास्तव हवे. त्याने विसंगती पोटात घालावी आणि तिची किंमत इथेच, सोलापुरात वसूल करावी.

त्यासाठी मी एक सिद्धान्त रचला आहे. तो पूर्ण काल्पनिक आहे, पण त्याचा पाया खऱ्या विज्ञानाला लागून आहे. १९४९ साली कुर्ट ग्योडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांचे असे उत्तर दाखवले की ज्यात पुढे पुढे जात आपल्याच भूतकाळात पोचता येते. इगोर नोविकोव्ह यांचे म्हणणे, अशा वळशावर फक्त स्वतःशी सुसंगत घटनाच घडू शकतात. मला सर्वात आवडते ते बिलियर्डच्या चेंडूचे कोडे. चेंडू काळातल्या बोगद्यातून भूतकाळात येतो आणि आत शिरणाऱ्या स्वतःलाच धडकून बाजूला सारतो. मग तो आत शिरला कसा? किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गणित करून पाहिले. धडक समोरासमोर न होता निसटती झाली, तर चेंडू जरा तिरका आत जातो, तिरकाच बाहेर येतो आणि म्हणूनच धडक निसटती होते. गणित जुळते. वास्तव अडत नाही, थोडे सरकते. माझा सगळा सिद्धान्त या 'थोडे सरकते'वर उभा आहे.

चादरीचे डिझाइन काढणे हा माझा व्यवसाय आहे. मागावर धागा तुटला की कारागीर गाठ मारतो आणि नक्षी पुढे चालू राहते, पण हात फिरवला तर गाठ बोटाला लागते. वास्तवही तसेच वागते असे मी धरते. गाठ कुठे पडणार, हे ठरवण्याचा माझा नियम असा: ज्या गोष्टीला साक्षी सर्वात कमी, तिथे.

म्हणून लिहिण्याआधी वहीत पान आखा. डावीकडे नायिका जे बदलू पाहते ते, उजवीकडे त्याचे साक्षी. साक्षी म्हणजे नुसती माणसे नव्हेत. कागद, फोटो, दागिना, दुखऱ्या गुडघ्यावरचा व्रण, सगळे लिहा. समजा, आजी-आजोबांची पहिली भेट गड्ड्यावर, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वराच्या संक्रांतीच्या यात्रेत, झाली आणि नायिका ती चुकवते. उजव्या रकान्यात त्या भेटीपुढे काय आहे? दोघांच्या आठवणी, बस्स. लग्नापुढे मात्र पत्रिका आहे, आहेराची वही आहे, दोन घरांचे गोत आहे, चार लेकरे आहेत. मग वास्तव लग्नाला हात लावणार नाही, भेट सरकवेल. आठवड्याभराने साखर पेठेत कोणाच्या तरी बारशाला ती दोघे भेटतील. गाठ उरेल ती एवढीच: आजी जन्मभर म्हणेल, "गड्ड्यावर पाहिलं मी ह्यांना," आणि आजोबा म्हणतील, "छे गं, साखर पेठेत." असे वाद आपल्या प्रत्येकाच्या घरात आहेत. वाचक तो ऐकेल आणि चमकून आपल्या घराकडे पाहील. कथेला विश्वास मिळतो तो इथे.

साक्षी दाट असतील तिथे वास्तव घटना सरकवत नाही, प्रवाशाला अडवते. त्याच यात्रेतला संमती कट्ट्यावरचा अक्षता सोहळा थांबवायला नायिका निघाली तर ती गर्दीत मागे राहील, चप्पल तुटेल, कोणीतरी हात धरून बाजूला बसवेल. हजारो हातांतल्या अक्षता एका बाईने थांबत नाहीत.

याच कसोटीवर सर्वात अवघड प्रसंग येतो. सोलापूरचा लेखक कधी ना कधी १२ जानेवारी १९३१ कडे वळतोच. मे १९३० मध्ये या शहरावर मार्शल लॉ लागला आणि पुढे मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे यांना त्या तारखेला येरवड्याच्या तुरुंगात फाशी दिली गेली. त्यांना वाचवावे असे कोणाला वाटणार नाही? लिहा, पण ती सुटका यशस्वी करू नका. खटल्याचे कागद आहेत, शहराचा शोक आहे, आजही पुण्याला धावणाऱ्या गाडीचे नाव हुतात्मा आहे. इथे नायिकेला हरू द्या. तिने नेलेली एखादी चिठ्ठी फार तर आत पोचू द्या. तिला साक्षी नाही, म्हणून तेवढी जागा वास्तव देईल.

तर्काची कोडी वेगळी हाताळावी लागतात, पण त्यांचे चटकन उरकते. गावात जे स्वतःची दाढी करत नाहीत त्या सर्वांची आणि फक्त त्यांचीच दाढी करणारा न्हावी स्वतःची करतो का? असा न्हावी असूच शकत नाही, एवढेच उत्तर. माझ्या सिद्धान्तात वास्तव अशी जागा रिकामी ठेवते. दुकानाची पाटी लागते, शटर कधी उघडत नाही. 'मी बोलतो ते सारे खोटे' या वाक्याबद्दल व्याकरणकार भर्तृहरीने कधीच सांगून ठेवले आहे की बोलणाऱ्याला त्यात हे वाक्य धरायचेच नसते.

कर्ता नसलेल्या वस्तूचा पेच मला जवळचा. नायिका आजच्या चादरीची नक्षी जुन्या डिझायनरला नेऊन देते, तो तीच उतरवतो, तीच आजवर येते. मग काढली कोणी? इथे दोन पथ्ये पाळा. तोच कागद फिरवू नका, दर फेरीला तो आणखी जुना होईल आणि शेवटी हातात तुकडे राहतील. नक्षी डोक्यात न्या. आणि उतरवताना त्या माणसाला थोडे बदलू द्या, एखादी पाकळी, एखादा कोपरा. फेऱ्यांमागून फेऱ्या होत नक्षी अशा रूपाला येते की उतरवूनही बदलत नाही. डेव्हिड डॉइच यांनी १९९१ साली पुंजयांत्रिकीतून (क्वांटम मेकॅनिक्समधून) अशा वळशांचा विचार केला, तेव्हा त्यांची अटही अशीच होती: वळसा घालून आलेली अवस्था निघालेल्या अवस्थेशी जुळली पाहिजे. म्हणजे नक्षीचा कर्ता आहेच, तो त्या सगळ्या फेऱ्यांमध्ये वाटला गेला आहे.

शेवटी तारखा तपासा. नायिकेला जुन्या गड्ड्याला पाठवताना डोळे मिटून १४ जानेवारी लिहू नका. संक्रांत ताऱ्यांवरून मोजलेल्या नाक्षत्र वर्षावर चालते, आपले कॅलेंडर ऋतुवर्षावर. नाक्षत्र वर्ष ऋतुवर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी मोठे असल्याने संक्रांत साधारण बहात्तर वर्षांत एक दिवस पुढे जाते. स्वामी विवेकानंदांचा जन्म संक्रांतीचा, आणि तारीख १२ जानेवारी १८६३. त्या साली १४ तारखेला तुमची नायिका पोचली, तर अक्षता पडून गेलेल्या असतील.