मूकपटांतील स्लॅपस्टिक लघुपट कसे पाहावेत

स्लॅपस्टिक म्हणजे आपटणे, धडपडणे, पाठलाग अशा शारीरिक हालचालींतून घडणारा विनोद. तो पहिल्यांदा पाहणाऱ्याने दोन रिळांचा (फिल्मच्या गुंडाळ्यांचा) लघुपट घ्यावा आणि त्याआधी प्रत नीट तपासावी. एक रीळ साधारण १००० फुटांचे असे; सेकंदाला १६ चौकटींच्या (फिल्मवरील सुट्या चित्रांच्या) वेगाने ते सोळा-सतरा मिनिटे चाले, तर बोलपटांच्या २४ चौकटींच्या वेगाने अकरा मिनिटांतच संपते. मूकपटांतली माणसे तुरुतुरु चालतात हा समज बव्हंशी या चुकीच्या वेगातून आला आहे. म्हणून कोणी खुर्चीत बसते, पत्र उलगडते, अशी शांत दृश्ये आधी पाहावीत. ती स्वाभाविक वाटली तर वेग बरोबर आहे असे समजावे. पाठलागातली वाढीव गती मात्र दोष मानू नये, कारण हाताने फिरवायचा कॅमेरा छायालेखक तिथे मुद्दाम हळू फिरवीत, म्हणजे पडद्यावर हालचाल जलद दिसे. रुंद पडद्यासाठी वरून-खालून कापलेली प्रत टाळावी. तीत पाय दिसत नाहीत, आणि या विनोदाचा निम्मा जीव पायांत असतो.

पाहताना नजर चेहऱ्यावर न खिळवता पडद्यावरच्या संपूर्ण दृश्यावर ठेवावी. मूकपटांतला विनोदी नट आणि दिग्दर्शक बस्टर कीटन याच्या १९२० सालच्या 'वन वीक'मध्ये नवविवाहित जोडप्याने सुट्या भागांतून उभारलेले वेडेवाकडे घर हलवताना रेल्वेच्या रुळांवर अडकते. गाडी येताना दिसते, दोघे हताश होऊन बाजूला होतात आणि गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. आपण सुटकेचा श्वास टाकतो न टाकतो तोच उलट दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते. हा प्रसंग पुन्हा लावून पाहावा: पहिल्या गाडीने आपले सारे लक्ष एका बाजूला ओढून घेतले, म्हणूनच दुसरी गाडी इतकी अनपेक्षित ठरते. माझ्या मते स्लॅपस्टिकचे मर्म आपटण्यात नसून या आधीच्या मांडणीत आहे.

दुसऱ्यांदा पाहताना आवाज बंद ठेवावा. प्रतीवरचे संगीत पुष्कळदा नंतर जोडलेले असते आणि हसायचे कुठे हे तेच ठरवू लागते. लॉरेल आणि हार्डी या विनोदी जोडीच्या १९२९ सालच्या 'बिग बिझनेस'मध्ये ही जोडी आणि एक घरमालक यांच्यात भांडण जुंपते; एक पक्ष दुसऱ्याच्या मालमत्तेची मोडतोड करीत असताना समोरचा त्याला न अडवता शांतपणे पाहत राहतो आणि मग आपली पाळी घेतो. त्या थांबण्याची लय संगीताविना अधिक स्पष्ट कळते.

एका बैठकीत एक किंवा दोनच लघुपट पाहावेत. चित्रपटगृहातही ते मुख्य चित्रपटाच्या जोडीला, एखादाच दाखवला जात असे.