कुत्र्याच्या मरणाची गोष्ट मुलांना सांगताय? या चुका टाळा

“मग मोती देवघरात बसतो कुठे?”

गोष्ट नुकतीच वाचून संपली होती. समोर सतरंजीवर बारा-तेरा मुलं होती आणि प्रश्न पाच वर्षांच्या एका मुलीचा होता. मी लिहिलं होतं, ‘मोती देवाघरी गेला’. तिच्या घरचं देवघर स्वयंपाकघरात, ओट्याशेजारच्या कोनाड्यात. तिथे बाळकृष्ण, अन्नपूर्णा, समई आणि उदबत्तीचं घर. एवढा मोठा कुत्रा तिथे मावणार कसा, ही तिची खरीखुरी काळजी होती.

मी दर शनिवारी मुलांना गोष्टी वाचून दाखवते, थोडं लिहितेही. मोतीची गोष्ट मी तीनदा मोडून पुन्हा लिहिली. त्यात माझ्याकडून झालेल्या आणि इतरांच्या लिखाणातही वारंवार दिसणाऱ्या चुका इथे सांगते. तुम्ही गोष्ट लिहीत असा, वाचून दाखवत असा किंवा घरातला कुत्रा गेल्यावर रात्री लेकराला जवळ घेऊन मनानेच रचत असा, चुका त्याच होतात.

‘मेला’ हा शब्द चुकवणं

आपल्याला ‘मेला’ म्हणवत नाही, कारण मराठीत ती शिवीही आहे. माणसाला आपण ‘वारले’ म्हणतो, ‘गेले’ म्हणतो. मग कुत्र्यासाठी आडवळणं शोधतो: देवाघरी गेला, झोपला, मामाच्या शेतावर सोडला.

लहान मुलं शब्द जसाच्या तसा घेतात. ‘झोपला आणि उठलाच नाही’ हे ऐकलेलं मूल त्या रात्री डोळे मिटायला घाबरतं. ‘डॉक्टरांनी इंजेक्शन देऊन झोपवलं’ हे वाक्य पुढच्या लसीच्या दिवशी दवाखान्याच्या दारात आठवतं. आणि शेतावर सोडला म्हणाल, तर दिवाळीच्या सुट्टीत मामाकडे गेल्यावर ते गोठ्यामागे, विहिरीपाशी, उसात त्याला शोधत फिरेल. त्याहून वाईट म्हणजे मोती मला न सांगता गेला, हे त्याच्या मनात घर करून बसेल.

साधारण पाच वर्षांपर्यंतच्या मुलांना मरण म्हणजे बाहेरगावी जाण्यासारखं वाटतं. गेलेला परत येणार, असं ती धरून चालतात. ‘परत नाही’, ‘सगळ्यांनाच आहे’, ‘शरीराचं काम बंद पडतं’ या गोष्टी पुढच्या चार-पाच वर्षांत हळूहळू उमजत जातात. म्हणून गोष्टीत एकदा तरी सरळ वाक्य हवं. मी आता असं लिहिलंय: ‘मोती मेला. त्याचं शरीर थांबलं. आता त्याला भूक लागत नाही, थंडी वाजत नाही, पाय दुखत नाही.’ त्यानंतर पुढच्या पानांवर ‘मोती गेला’ म्हटलं तरी चालतं, कारण अर्थ पक्का झालेला असतो. देवाबद्दल तुमच्या घरात जे मानतात तेही जरूर सांगा, पण या वाक्यांनंतर.

थंडीचं वाक्य गाळू नका. पुरलेल्या कुत्र्याबद्दल मुलांचा पहिला प्रश्न बहुतेकदा तोच असतो: पाऊस आला तर तो भिजेल का?

आणखी एक. ‘आजारी पडला म्हणून मेला’ एवढंच लिहू नका. वाचणाऱ्या मुलाला स्वतःला सर्दी झालेली असते. ‘म्हाताऱ्या कुत्र्यांना होतो तसा मोठा आजार’ म्हणा. मोठ्या जातींचे कुत्रे आठ-दहा वर्षांतच थकतात, छोटे बारा-पंधरापर्यंत जगतात. मोतीचं वय गोष्टीत सांगून टाकलं की मुलांना हिशेब लागतो.

शेवटच्या पानावर नवं पिल्लू

माझ्या हाती येणाऱ्या गोष्टींपैकी कितीतरी अशाच संपतात. बाबा टोपलीत काहीतरी झाकून आणतात, आतून ‘कुई’ आवाज येतो, मुलगा हसतो, समाप्त. मला या शेवटाचा मनापासून राग येतो. यात मुलाला कळतं ते इतकंच की मोती म्हणजे फुटलेली कपबशी, दुसरी आणली की झालं. आपण गेलो तर आई-बाबा दुसरं बाळ आणतील का, हा प्रश्नही इथूनच निघतो, फक्त तो मोठ्यांना कोणी विचारत नाही.

पिल्लू आणायचंच असेल तर मध्ये एक पावसाळा जाऊ द्या. मुलाला आधी ‘नको’ म्हणू द्या, पिल्लाने चप्पल चावली तर ‘मोती असं नाही करायचा’ म्हणून चिडू द्या. नाव वेगळं ठेवा, ताटली वेगळी ठेवा. आणि ही गोष्ट प्रत्यक्षात घडत असेल, कुत्रा पार्वोने, म्हणजे कुत्र्यांना होणाऱ्या एका जीवघेण्या विषाणूच्या आजाराने गेला असेल, तर घाई करूच नका. तो विषाणू घरात आणि अंगणातल्या मातीत महिनोन्‌महिने टिकतो. लसी पूर्ण न झालेलं पिल्लू आणलंत तर मुलाला तेच दुःख दुसऱ्यांदा बघावं लागेल. डॉक्टरांना विचारल्याशिवाय आणू नका.

फाटक कोणी उघडं टाकलं?

कथानकाच्या सोयीसाठी आपण अपघात घालतो. मुलगा फाटक लावायला विसरतो, कुत्रा रस्त्यावर जातो. कृपा करून हे लिहू नका. सहा-सात वर्षांच्या मुलाला आपण रागाने ‘जा’ म्हणालो म्हणून तो मेला, असं कुणी न सांगताही वाटत असतं. गोष्टीने त्या ओझ्यात भर घालायची नसते. कारण कोणतंही असो, गोष्टीतल्या एका मोठ्या माणसाने ‘तुझ्यामुळे नाही झालं हे’ असं तोंडाने म्हणायलाच हवं. सूचकतेने भागत नाही.

‘शहाणा ना तू? मग रडू नको’

गोष्टीतले आजोबा असं म्हणतात आणि मूल डोळे पुसतं. त्यात तो मुलगा असला तर ‘मुलींसारखं काय रडतोस’ हेही येतं. माझ्या गोष्टीत आता बाबा रडतात. मोरीत मोतीची ताटली घासताना त्यांचा हात थांबतो, नळ तसाच वाहत राहतो, आणि दारात उभी असलेली मुलगी ते बघते. ते पान वाचताना मुलं एकदम शांत होतात. मोठी माणसंही रडतात, आणि तरी संध्याकाळी स्वयंपाक होतो, हे त्यांना बघायचं असतं.

मुलांचं दुःख श्रावणातल्या सरीसारखं असतं. सर येते, ऊन पडतं, पुन्हा सर येते. सकाळी हुंदके देणारा दुपारी गल्लीत क्रिकेट खेळतो. गोष्टीत त्याला खेळू द्या, आणि ‘विसरला वाटतं’ असं कोणाच्या तोंडी घालू नका.

मोठ्या गोष्टी उसन्या आणताना

हाचिकोची गोष्ट आपल्याकडेही आवडीने सांगतात. १९२३ साली जपानमध्ये ओदातेजवळ जन्मलेला अकिता जातीचा कुत्रा. टोकियोत शेतीशास्त्र शिकवणारे प्राध्यापक उएनो त्याचे मालक. मे १९२५ मध्ये ते अचानक वारले, आणि हाचिको ८ मार्च १९३५ रोजी मरेपर्यंत, जवळजवळ दहा वर्षं, शिबुया स्टेशनवर त्यांची वाट बघायला येत राहिला. आपण ‘केवढी ही निष्ठा!’ म्हणून थांबतो. पण ज्याचा कुत्रा कालच गेलाय, त्या मुलाला यातून ऐकू येतं की खरं प्रेम करणारा कधी स्टेशन सोडत नाही. मग आपण आज हसलो, हे त्याला पाप वाटतं.

या गोष्टीत मुलाला आधार देणारे धागेही आहेत, ते सांगा. प्राध्यापकांच्या घरी पूर्वी बागकाम करणाऱ्या माणसाने हाचिकोला सांभाळलं. स्टेशनवर आधी त्याला हाकलत, पण १९३२ मध्ये वर्तमानपत्रात त्याच्याबद्दल छापून आलं आणि लोक प्रेमाने खाऊ घालू लागले. आणि टोकियो विद्यापीठात २०१५ साली बसवलेला पुतळा: तिथे प्राध्यापक परत आलेत आणि हाचिको त्यांच्यावर झेप घेतोय. खरं असं घडलं नाही, पण लोकांना तसं घडावंसं वाटलं म्हणून त्यांनी ते घडवलं. हे ऐकून मुलं लगेच स्वतःचं चित्र काढायला घेतात.

महाभारतातला युधिष्ठिराचा कुत्राही जपून वापरा. कुत्र्याला सोडून मी स्वर्गात येणार नाही, असं तो इंद्राला सांगतो, तो भाग मुलांना फार आवडतो. पण पुढे तो कुत्रा म्हणजे साक्षात धर्म निघतो. ‘तुझा मोतीही देवच होता’ असं त्यावरून म्हणू नका. मुलाला देव नको असतो. दारातली पायपुसणी ओढत नेणारा, ओल्या केसांचा वास येणारा कुत्रा हवा असतो.

दिलासा येतो कुठून?

उपदेशातून येत नाही. माझ्या गोष्टीतली आजी रोज सहा भाकरी घरच्यांसाठी थापते आणि सातवी मोतीची. मोती मेल्याच्या दुसऱ्या दिवशी तिने सवयीने सातवी थापली. ती तव्यावर टम्म फुगली. आजीने टोपलीत ठेवली आणि मग आजी आणि नात दोघीही त्या भाकरीकडे बघत राहिल्या. नातीने वरून हात ठेवला, गरम होती. आजीने भाकरी अर्धी मोडली, अर्धी तिला दिली, आणि दोघींनी मागच्या पायरीवर बसून ती नुसतीच खाल्ली. तिसऱ्या दिवशी आजीने सहाच थापल्या. या पानावर मी कुणालाही काही समजावून सांगायला लावलेलं नाही.

वाचताना अडलं तर

मूल मध्येच रडायला लागलं तर पुस्तक मिटून गोड गाणं लावू नका. ‘थांबू का?’ विचारा आणि थांबा. एखादं मूल हसलं तर रागावू नका, काहींची भीती हसण्यातूनच बाहेर येते. तेच पान सातव्यांदा वाचायला सांगितलं, तर वाचा. झोपायच्या वेळी मात्र ही गोष्ट घेऊ नका.

‘तूपण मरशील?’ हा प्रश्न येणारच. ‘छे, मी कशी मरेन!’ म्हणू नका. ‘सगळे कधीतरी मरतात. पण मी अजून खूप वर्षं तुझ्याजवळ असेन असं मला वाटतं, आणि आजी, मावशीही तुझ्या आहेत,’ एवढं पुरतं. कित्येक आठवडे उलटूनही जेवण, झोप, शाळा रुळावर येत नसेल, तर बालरोगतज्ज्ञांशी किंवा समुपदेशकाशी बोला.

तिसरा खर्डा मी त्याच सतरंजीवर वाचला. ती मुलगी होती. ‘मोती मेला’ ऐकून तिने खाली बघितलं, फ्रॉकची झालर बोटाला गुंडाळली. भाकरीच्या पानापर्यंत काही बोलली नाही. मग म्हणाली, “त्याचा पट्टा कुणी ठेवला?”

ते मी लिहिलंच नव्हतं. घरी येऊन लिहिलं: पट्टा दाराच्या मागे, छत्रीशेजारच्या खिळ्यावर आहे, आणि दार जोरात लावलं की त्याची घंटी वाजते.